सरकारी हिस्सा असलेल्या पोस्ट कंपनीची रिलेटेड पार्टी नोट कशी वाचायची: पोस्टे इटालियाने घेऊन एकेक पायरी

परदेशी कंपन्यांचे अ‍ॅन्युअल रिपोर्ट वाचायचं काम करणारी, किंवा सीएचा अभ्यास करताना आयएएस २४ (रिलेटेड पार्टी, म्हणजे कंपनीशी मालकी, कंट्रोल किंवा प्रभावाचं नातं असलेली माणसं आणि संस्था, यांची माहिती कशी द्यायची ते सांगणारं आंतरराष्ट्रीय अकाउंटिंग स्टँडर्ड) शिकणारी बरीच मुलं मला एकच शीट दाखवतात. रिपोर्ट उघडला, शेवटी शेवटी असलेली रिलेटेड पार्टीची नोट शोधली, त्यातला तक्ता उचलून एक्सेलमध्ये चिकटवला, बेरीज मारली, झालं. साध्या खासगी कंपनीत हे कदाचित खपून जातं. पण ज्या पोस्ट कंपनीत सरकारचा मोठा हिस्सा आहे आणि उरलेला शेअर बाजारात आहे, तिथे सरकार एकाच वेळी मालक असतं, गिऱ्हाईक असतं, सबसिडी देणारं असतं आणि कंपनीने ज्याचे रोखे घेतलेत तो कर्जदारही असतं. तिथे नुसत्या तक्त्यावर विसंबलात तर सगळ्यात मोठी गोष्टच हातून निसटते.

म्हणून क्रम सांगतोय. क्रम महत्त्वाचा आहे, आकडे सगळ्यात शेवटी येतात. उदाहरण म्हणून इटलीची पोस्टे इटालियाने घेतोय, कारण या कंपनीत जवळजवळ सगळ्या अडचणी एकत्र सापडतात.

## तयारी: आधी कागद जमवा

एक पीडीएफ पुरत नाही. हे सगळं डाउनलोड करून एका फोल्डरमध्ये ठेवा:

- चालू वर्षाचा आणि मागच्या वर्षाचा पूर्ण अ‍ॅन्युअल रिपोर्ट. दोन्ही. का ते पायरी ४ मध्ये कळेल.
- कॉर्पोरेट गव्हर्नन्स रिपोर्ट. शेअरहोल्डर कोण ते यात नीट असतं.
- पगार-मानधनाचा वेगळा रिपोर्ट.
- रिलेटेड पार्टी व्यवहार मंजूर कसे होतात त्याची कंपनीची प्रोसिजर. इटलीत कॉन्सोब या बाजार नियामकाचं १२ मार्च २०१० चं रेग्युलेशन १७२२१ आहे, त्यामुळे लिस्टेड कंपनीला अशी प्रोसिजर ठेवावीच लागते आणि वेबसाइटवर टाकावी लागते.

मग एक कोरी शीट घ्या आणि त्यात सहा रकाने करा: नाव, नातं काय, नातं कोणामार्फत, कधीपासून कधीपर्यंत, रिपोर्टमध्ये कुठे दिसतं, आणि रक्कम. रक्कम मुद्दाम शेवटच्या रकान्यात ठेवलीय, आत्ता तिला हात लावायचा नाही.

सावधान: सेबीची व्याख्या डोक्यातून काढून टाका. आपल्याकडे लिस्टिंग रेग्युलेशनमध्ये १ एप्रिल २०२३ पासून १० टक्के किंवा त्याहून जास्त हिस्सा असलेला शेअरहोल्डर थेट रिलेटेड पार्टी धरला जातो. आयएएस २४ मध्ये असा ठरावीक टक्का नाहीच. तिथे प्रश्न विचारला जातो तो कंट्रोल कोणाचा, संयुक्त कंट्रोल कोणाचा, मोठा प्रभाव कोणाचा असा. आपल्याकडची सवय इटलीच्या कंपनीला लावली की एखादा म्युच्युअल फंड यादीत घुसतो आणि एखादी खरी पार्टी बाहेर राहते.

## पायरी १: मालकीचं झाड काढा

कागदावर काढा, पेनाने. खरंच सांगतो, स्क्रीनवर हे नीट दिसत नाही.

सगळ्यात वर इटलीचं अर्थमंत्रालय, एमईएफ. त्याच्याकडे पोस्टे इटालियानेचे थेट २९.२६ टक्के. दुसरी फांदी कासा देपोझिती ए प्रेस्तिती, म्हणजे सीडीपी, तिच्याकडे ३५ टक्के. आता इथेच बहुतेक जण थांबतात आणि लिहितात की सरकारकडे २९ टक्के आणि एका वित्तसंस्थेकडे ३५ टक्के, म्हणजे सरकार अल्पमतात आहे. चूक. सीडीपीच्या वर कोण आहे ते बघा. तिचे सुमारे ८३ टक्के परत एमईएफकडेच आहेत, बाकी बहुतांश इटलीतल्या बँकांच्या फाउंडेशनांकडे. म्हणजे सीडीपी सरकारच्या कंट्रोलमध्ये, आणि दोन्ही फांद्या मिळून पोस्टेचे ६४ टक्क्यांच्या वर शेअर एकाच हाताखाली येतात. कंपनी ऑक्टोबर २०१५ मध्ये लिस्ट झाली, बाकीचा हिस्सा तेव्हापासून बाजारात.

यात आणखी एक बारीक गोष्ट. ३५ टक्के आणि सुमारे ८३ टक्के यांचा गुणाकार करून सरकारचा 'खरा' हिस्सा ५८ टक्के वगैरे काढत बसू नका. तो आकडा डिव्हिडंड कोणाच्या खिशात जातो हे सांगायला ठीक आहे, पण कंट्रोल साखळीने मोजतात, गुणाकाराने नाही.

झाडाच्या खालच्या बाजूला सब्सिडियरी, म्हणजे पोस्टेच्या कंट्रोलखालच्या कंपन्या: पोस्टे व्हिता (विमा), पोस्टेपे (कार्ड आणि पेमेंट), एसडीए (कुरिअर) वगैरे.

तपासा: बँकोपोस्ता, म्हणजे पोस्टेचा बँकिंग कारभार, तुम्ही सब्सिडियरी म्हणून लिहिलंय का? असेल तर खोडा. ती वेगळी कंपनी नाही, २०११ मध्ये पोस्टेच्याच आत वेगळं काढून ठेवलेलं भांडवल आहे. त्याचा वेगळा हिशोब रिपोर्टमध्ये जोडलेला असतो म्हणून फसायला होतं.

## पायरी २: कंपनीने स्वतः काय धरलंय आणि काय वगळलंय ते वाचा

ही पायरी लोक सगळ्यात जास्त वेळा गाळतात, आणि माझ्या मते अर्धा जीव हिच्यातच आहे.

तक्त्याच्या आधी किंवा अकाउंटिंग पॉलिसीच्या भागात एक साधासा परिच्छेद असतो, आम्ही रिलेटेड पार्टी कोणाला म्हणतो असा. तो दोनदा वाचा. पोस्टेच्या बाबतीत सार असं: बाहेरच्या रिलेटेड पार्टी म्हणजे एमईएफ, एमईएफच्या कंट्रोलखालच्या संस्था आणि कंपन्या, वरिष्ठ व्यवस्थापन, आणि कर्मचाऱ्यांच्या निवृत्तीच्या फायद्यांसाठीचे फंड. एमईएफ सोडून बाकीचं राज्ययंत्र, म्हणजे इतर मंत्रालयं, सरकारी कार्यालयं, हे धरलेले नाहीत. आणि नियमित बाजारात खरेदी-विक्री होणाऱ्या आर्थिक साधनांमधून आलेली मालमत्ता आणि देणी हेही रिलेटेड पार्टी व्यवहार म्हणून धरलेले नाहीत.

हे शेवटचं वाक्य पुन्हा वाचा. पोस्टेकडे लोकांनी चालू खात्यात ठेवलेला जो पैसा आहे तो कायद्याने मुख्यतः युरो झोनच्या सरकारी रोख्यांतच गुंतवावा लागतो, आणि त्यातले खूप मोठ्या प्रमाणात इटालियन सरकारचे असतात. म्हणजे मालकालाच दिलेलं कर्ज. पण रोखे बाजारात ट्रेड होतात, त्यामुळे रिलेटेड पार्टीच्या तक्त्यात ते दिसणार नाहीत. कंपनी लपवत नाहीये, फायनान्शिअल अ‍ॅसेटच्या नोटमध्ये आणि रिस्कच्या भागात सगळं छापलेलं आहे. तुम्ही तिकडे गेलाच नाहीत तर मात्र तुमच्या शीटमध्ये सगळ्यात मोठी ओळ कोरी राहील.

सावधान: या वगळण्याच्या ओळी तुमच्या शीटमध्ये 'तक्त्याबाहेर' असं लिहून वेगळ्या ठेवा. पायरी ६ मध्ये लागतील.

## पायरी ३: प्रत्येक नावाला एक खण द्या

आता नोटमधली नावं घ्या. पोस्टेच्या नोटमध्ये वर्षानुवर्षं दिसणारे बाहेरचे गट म्हणजे एमईएफ, सीडीपी ग्रुप, एनेल ग्रुप, एनी ग्रुप, लिओनार्दो ग्रुप. प्रत्येकाला विचारा, तू इथे कोणामुळे आहेस?

एनेल वीज कंपनी, तिच्यात एमईएफकडे सुमारे २३.६ टक्के. लिओनार्दो संरक्षण कंपनी, एमईएफकडे सुमारे ३० टक्के. एनी तेल आणि गॅस कंपनी, तिच्यात सरकारचा मोठा हिस्सा सीडीपीमार्फत येतो. एनेलचे पोस्टेत शेअर नाहीत आणि पोस्टेचं एनेलवर नियंत्रण नाही, तरीही नातं आहे, कारण वरचा मालक एक. घरच्या भाषेत सांगायचं तर ही चुलत भावंडं.

मग पोरं विचारतात, २३.६ टक्क्यांत कंट्रोल कसा? बाकीचे शेअर विखुरलेले असतात तेव्हा कमी टक्क्यांतही प्रत्यक्षात कंट्रोल येऊ शकतो. आणि समजा तुम्ही म्हणालात की हा कंट्रोल नाही, फक्त मोठा प्रभाव आहे, तरी एनेल यादीतून बाहेर जात नाही, कारण मालक ज्या कंपनीवर कंट्रोल ठेवतो ती आणि तोच मालक जिच्यावर प्रभाव ठेवतो ती, या दोघी आयएएस २४ प्रमाणे एकमेकींच्या रिलेटेड असतात.

पण दोघींवरही फक्त प्रभावच असेल तर? मग नाही. एकाच गुंतवणूकदाराच्या दोन असोसिएट कंपन्या केवळ तेवढ्यामुळे रिलेटेड होत नाहीत. एक जॉइंट व्हेंचर (संयुक्त कंट्रोलची) आणि दुसरी असोसिएट (मोठ्या प्रभावाची) असेल तर मात्र होतात. हा फरक पाठ करून ठेवा, परीक्षेतही विचारतात आणि कामातही लागतो.

या पायरीवरच्या नेहमीच्या चुका:

- दोन कंपन्यांच्या बोर्डावर एकच माणूस दिसला म्हणून त्यांना रिलेटेड लिहिणं. स्टँडर्डमध्ये स्पष्ट आहे, फक्त कॉमन डायरेक्टर असणं पुरेसं नाही.
- मोठं गिऱ्हाईक, मोठा सप्लायर, कर्ज देणारी बँक, कामगार संघटना यांना यादीत घालणं. केवळ रोजच्या व्यवहारामुळे किंवा आर्थिक अवलंबित्वामुळे नातं तयार होत नाही.
- पूर्वीची नोकरी धरणं. एखादा अधिकारी दहा वर्षांपूर्वी सीडीपीत होता हे वाचायला रोचक असतं, पण नातं आजचं बघायचं.

## पायरी ४: तारखा लावा, कारण माणसांसारख्या कंपन्याही नात्यात येतात-जातात

म्हणून दोन वर्षांचे रिपोर्ट हवेत.

मोंते देई पास्की ही सिएनाची जुनी बँक बघा. २०१७ मध्ये सरकारने वाचवली, त्यानंतर एमईएफकडे बहुमत होतं, ६४ टक्क्यांच्या आसपास, म्हणून पोस्टेच्या यादीत ही बँक होती. मग नोव्हेंबर २०२३ मध्ये एमईएफने २५ टक्के विकले, मार्च २०२४ मध्ये १२.५ टक्के, नोव्हेंबर २०२४ मध्ये १५ टक्के, आणि हातात उरले सुमारे ११.७. आता तुम्ही जर दोन वर्षांचे तक्ते शेजारी ठेवून म्हणालात की 'या बँकेबरोबरचा धंदा बंद झाला', तर ते चूक ठरू शकतं. धंदा चालूच असेल, नातं संपलं असेल. आकडा कमी झाला की आधी विचारा, व्यवहार कमी झाला की नातं तुटलं?

दुसरं उदाहरण उलट दिशेचं. फेब्रुवारी २०२५ मध्ये पोस्टेने सीडीपीकडून टेलिकॉम इटालिया, म्हणजे टिम, या कंपनीचे ९.८१ टक्के घेतले आणि नेक्सी या पेमेंट कंपनीतला आपला ३.७८ टक्के हिस्सा सीडीपीला दिला, वरचा फरक रोख. पुढच्या महिन्यात व्हिव्हेंडी या फ्रेंच कंपनीकडून टिमचे आणखी १५ टक्के घ्यायचं ठरलं, म्हणजे एकूण २४.८१. आता या एका प्रकरणात शीटच्या किती ओळी हलतात बघा:

सीडीपीबरोबरची अदलाबदल हा स्वतःच रिलेटेड पार्टी व्यवहार, कारण ती शेअरहोल्डर आणि वर मालक एकच. व्हिव्हेंडीकडून घेणं हा तसा व्यवहार नाही, ती बाहेरची कंपनी. आणि २० टक्के ओलांडले की मोठा प्रभाव आहे असं गृहीत धरलं जातं, त्यामुळे टिमकडे असोसिएटच्या नजरेने बघावं लागतं, मग तिच्याबरोबरचा फोन-डेटाचा साधा कॉन्ट्रॅक्टसुद्धा तपासायला हवा. एकच शेअर, तीन वेगळे खण. लोक हे तिन्ही एका ओळीत 'टिम डील' म्हणून लिहून टाकतात.

तपासा: 'कधीपासून कधीपर्यंत' या रकान्यात एकही तारीख नसेल तर पुढे जाऊ नका.

## पायरी ५: आता आकडे, पण कुठले ते ठरवून

रिपोर्टमध्ये दोन हिशोब असतात, पूर्ण ग्रुपचा आणि एकट्या मूळ कंपनीचा. दोन्हींत रिलेटेड पार्टीची नोट असते आणि दोन्ही तक्ते दिसायला सारखेच. मूळ कंपनीच्या नोटमध्ये पोस्टे व्हिता, पोस्टेपे, एसडीए यांच्याबरोबरचे व्यवहार दिसतात. ग्रुपच्या नोटमध्ये तेच व्यवहार एकमेकांत खोडले जातात म्हणून दिसत नाहीत. एका तक्त्यातून अर्धी आणि दुसऱ्यातून अर्धी नावं उचललेली शीट मी अनेकदा पाहिलीय, आणि ती बेरीज कशालाच जुळत नाही.

इटालियन रिपोर्टची एक सोय आहे ती वापरा. कॉन्सोबच्या २००६ च्या नियमामुळे बॅलन्स शीट आणि नफा-तोट्याच्या मुख्य पानांवरच प्रत्येक ओळीशेजारी 'यातले रिलेटेड पार्टीबरोबरचे' अशी रक्कम छापलेली असते. नोटमधल्या तक्त्याची उभी बेरीज या रकमेशी जुळवून बघा. जुळलं की निर्धास्त व्हा. नाही जुळलं तर बहुतेक वेळा तुम्ही चुकीच्या हिशोबाचं पान उघडलंय.

शिल्लक आणि उलाढाल वेगळी ठेवा. ३१ डिसेंबरला येणं किती बाकी हा एक प्रश्न, वर्षभरात किती कमावलं हा दुसरा. वर्षअखेरीला येणं शून्य आहे याचा अर्थ व्यवहार नव्हता असा होत नाही, पैसे आले एवढाच होतो.

## पायरी ६: तक्त्याबाहेर काय राहिलं ते शोधा

सावकाश जा इथे. तीन-चार जागा आहेत.

पत्र पोचवण्याची सबसिडी. डोंगरातल्या गावातही पत्र पोचवायचं याची भरपाई सरकार देतं. २०२०-२४ च्या करारात ती वर्षाला २६.२ कोटी युरो होती. करार होतो उद्योगांशी संबंधित मंत्रालयाबरोबर, पण येणं दिसतं एमईएफच्या नावावर. पायरी २ आठवा, इतर मंत्रालयं रिलेटेड धरलेली नाहीत. त्यामुळे कराराचं वर्णन एका भागात आणि रक्कम दुसऱ्या भागात, आणि तुम्ही मंत्रालयाचं नाव सर्च केलंत तर रक्कम सापडणारच नाही. 'युनिव्हर्सल सर्व्हिस' असं सर्च करा, आणि ट्रेड रिसिव्हेबलच्या नोटमध्ये एमईएफकडून येणं असलेल्या रकमेची फोड बघा. तिथेच निवडणुकीच्या टपालावरच्या आणि प्रकाशकांच्या सवलतीचीही बाकी सापडते. यातली काही येणी जुनी असतात, त्यांवर तरतूद केलीय का तेही बघा, कारण संशयित येण्यांची तरतूद सांगणं आयएएस २४ मध्ये सक्तीचं आहे.

सीडीपीचं कमिशन. पोस्टेच्या काउंटरवर बचत पुस्तकं आणि पोस्टल बाँड विकले जातात. ते पैसे सीडीपीचं देणं असतं, वर सरकारची हमी, आणि पोस्टेला मिळतं फक्त वितरणाचं कमिशन, जे अलीकडच्या वर्षांत वर्षाला दीड अब्ज युरोच्या वर राहिलंय. आपल्याकडे पोस्टात एनएससी घेतली तरी पैसे पोस्टाचे होत नाहीत, केंद्र सरकारच्या अल्पबचत निधीत जातात, तसंच हे. सगळ्यात वाईट चूक म्हणजे पोस्टल सेव्हिंग्जची सगळी रक्कम पोस्टेची ठेव म्हणून दाखवणं. माझ्याकडे असं शीट आलं होतं आणि त्यावरून कंपनी कर्जात बुडालीय असा निष्कर्षही काढलेला होता. कमिशन बघा, आणि करार किती साली संपतो ते बघा, कारण कंपनीच्या नफ्याचा मोठा भाग मालकाबरोबरच्या त्या एका कागदावर उभा आहे.

एमईएफकडे ठेवलेले पैसे. सरकारी संस्थांनी पोस्टेत ठेवलेल्या ठेवी पोस्टेला एमईएफकडे जमा कराव्या लागतात आणि त्यावर ठरलेल्या सूत्राने व्याज मिळतं. सूत्र वाचा, नुसता व्याजाचा आकडा नको.

रोखे. वर सांगितले तेच. फायनान्शिअल अ‍ॅसेटच्या नोटमधून इटालियन सरकारचे रोखे किती ते उचला आणि 'तक्त्याबाहेर' या खणात लिहा. रिलेटेड पार्टीच्या बेरजेत मिसळू नका, शेजारी ठेवा.

सावधान: सरकारी कंपन्यांसाठी आयएएस २४ मध्ये एक सवलत आहे. सरकारचा कंट्रोल, संयुक्त कंट्रोल किंवा मोठा प्रभाव असेल तर प्रत्येक व्यवहाराची पूर्ण माहिती न देता चालतं, पण सरकारचं नाव, नात्याचं स्वरूप, एकेकटे मोठे असलेले व्यवहार रकमेसह, आणि एकत्रितपणे मोठे होणारे व्यवहार निदान शब्दांत, एवढं द्यावंच लागतं. त्यामुळे कुठल्या पोस्ट कंपनीच्या नोटमध्ये तक्ता नाही, नुसती वाक्यं आहेत, तर 'काही व्यवहार नाहीत' असं लिहू नका.

## पायरी ७: अटी काय होत्या

'सर्व व्यवहार बाजारभावाने झाले' हे वाक्य दिसलं की लोक समाधानाने टिक करतात. स्टँडर्ड म्हणतं की असं विधान सिद्ध करता येत असेल तरच करावं. सबसिडी किंवा एमईएफचं व्याजाचं सूत्र यांना मुळात बाजारच नाही, ते कायद्याने किंवा कराराने ठरतात. म्हणून प्रत्येक मोठ्या ओळीपुढे तीनपैकी एक लिहा: कायद्याने ठरलेली, कराराने ठरलेली, बाजारात ठरलेली. माझ्या अनुभवात हा एक छोटा रकाना बाकीच्या सगळ्या आकड्यांपेक्षा जास्त सांगून जातो.

## पायरी ८: माणसांचं मानधन

हे पटकन होतं. वरिष्ठ व्यवस्थापनाचं मानधन पाच भागांत द्यावं लागतं: अल्पमुदतीचे फायदे, निवृत्तीनंतरचे, इतर दीर्घमुदतीचे, नोकरी संपवताना द्यायचे आणि शेअरवर आधारित. मानधनाच्या वेगळ्या रिपोर्टमधला आकडा याच्याशी जुळेलच असं नाही, कारण तिथे माणसं आणि मोजायची पद्धत वेगळी असू शकते. दोन्ही लिहा, फरक का तेही लिहा.

## हीच शीट जर्मनीला लावताना

डॉइचे पोस्टवर हे करून बघा, पण एक गोष्ट आधी बदला. तिथे सरकारचा हिस्सा केएफडब्ल्यू या सरकारी बँकेमार्फत आहे, आणि फेब्रुवारी २०२४ मधल्या विक्रीनंतर तो सुमारे १६.५ टक्क्यांवर आला. म्हणजे २० टक्क्यांचं गृहीतक आपोआप लागू होत नाही, कंपनी नात्याचं वर्णन कसं करते ते शब्दशः वाचावं लागतं. नोटही तक्त्यापेक्षा वर्णनाची जास्त. आणि पेन्शनची ओळ विसरू नका: पोस्ट हे सरकारी खातं होतं त्या काळापासूनचे जे सरकारी दर्जाचे कर्मचारी अजून नोकरीत आहेत, त्यांच्या पगाराच्या ३३ टक्के कंपनी सरकारी पेन्शन यंत्रणेला भरते. रिलेटेड पार्टीच्या नोटमध्ये नीट सापडलं नाही तर कर्मचारी खर्चाच्या आणि निवृत्ती फायद्यांच्या नोटमध्ये शोधा.

आपल्या भारतीय डाकला मात्र ही शीट लावायला जाऊ नका, ते सरकारचं खातं आहे, कंपनी नाही. इंडिया पोस्ट पेमेंट्स बँक ही कंपनी आहे, पण पूर्ण सरकारी. तिच्यासाठी झाड एका फांदीचं निघेल आणि पायरी २ व ६ तेवढ्या उपयोगी पडतील.